ऑर्थंक : एका मनोऱ्याची आणि एका किल्लीची गोष्ट



आपली सहल देवगिरी किल्ल्यावर गेली होती. तिथला चाँदमिनार पाहताना आमच्या टोप्या मागे पडल्या. तो सुमारे 210 फूट उंच आहे. "गुरुजी, याच्यापेक्षा लई उंच मनोरा कुठं असतो का हो?" असे आमच्यातल्या एकाने विचारले. गुरुजी म्हणाले, "दिल्लीचा कुतुबमिनार आहे की, 238 फूट. आणि एक आहे 500 फुटांचा. पण तिथं एस. टी. जात नाही. तो पुस्तकात आहे."

मग काय, आम्ही गुरुजींच्या मागेच लागलो. पुढे दर शनिवारी शेवटच्या तासाला गुरुजींनी त्या मनोऱ्याची हकिकत थोडी थोडी करून सांगितली. तीच मी इथे लिहीत आहे. सोबतचे चित्र आमच्या वर्गाने तैलखडूने काढले आहे. कुणी हात लावू नये, रंग निघतो.

मनोऱ्याचे नाव आहे ऑर्थंक.

मनोरा कोणी रचला?

हा मनोरा विटा-चुन्याचा नाही, शब्दांचा आहे. तो रचणाऱ्याचे नाव प्रोफेसर टॉल्किन. त्यांचा जन्म 3 जानेवारी 1892 रोजी दक्षिण आफ्रिकेत ब्लूमफाँटेन या गावी झाला. ते चार वर्षांचे असताना वडील वारले. आई त्यांना आणि धाकट्या भावाला घेऊन इंग्लंडमध्ये बर्मिंगहॅम शहराजवळ सेअरहोल नावाच्या खेड्यात राहिली. तिथे पाण्यावर चालणारी एक पिठाची गिरणी होती आणि गिरणीच्या तळ्यावर एक वाळुंजाचे झाड वाकलेले होते. टॉल्किन त्या झाडावर चढायला शिकले. एके दिवशी कुणीतरी ते झाड तोडले. तोडले ते तोडले, पण त्याचे लाकूडही कुणी नेले नाही. ओंडका तिथेच पडून राहिला. ही गोष्ट ते म्हातारपणापर्यंत विसरले नाहीत. मित्रांनो, हा ओंडका तुम्हीही ध्यानात ठेवा. पुढे त्याचे काम आहे.

टॉल्किन बारा वर्षांचे असताना आईही गेली. पण ते शिकले, मोठे झाले आणि 1925 ते 1959 पर्यंत ऑक्सफर्डच्या विद्यापीठात प्राध्यापक होते. जुन्या इंग्रजी भाषेचे त्यांना फार वेड. एकदा उन्हाळ्यात परीक्षेचे पेपर तपासताना एका मुलाने एक पान कोरेच सोडलेले त्यांना आढळले. त्या कोऱ्या पानावर त्यांनी हॉबिट नावाच्या बुटक्या माणसांविषयी एक वाक्य लिहून टाकले, आणि तिथून त्यांची गोष्ट सुरू झाली. 'हॉबिट' हे पुस्तक 1937 साली निघाले. त्यानंतरचे मोठे पुस्तक 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज', म्हणजे अंगठ्यांचा स्वामी, हे तीन भागांत 1954 आणि 1955 साली निघाले. दुसऱ्या भागाचे नावच 'दोन मनोरे' असे आहे. त्यातला एक हा आपला ऑर्थंक. टॉल्किन 1973 साली वारले.

(आमच्यापैकी कुणी पेपरात पान कोरे सोडले तर गुरुजी गोष्ट लिहीत नाहीत, भोपळा काढतात. हे आपले जाता जाता सांगितले.)

मनोरा कसा आहे?

टॉल्किन यांनी मनाने एक जग तयार केले. त्याचे नाव मध्यभूमी. त्यात डोंगर, नद्या, राज्ये, भाषा, सनावळ्या सगळे आहे. धुक्याचे डोंगर नावाची एक लांबलचक रांग आहे. तिच्या दक्षिण टोकाला, आयसेन नदीच्या उगमाजवळच्या खोऱ्यात आयसेनगार्ड नावाचा कोट आहे.

कोट गोल आहे. दगडी तट एखाद्या कड्यासारखा उंच. आतली जागा मोठ्या परातीसारखी, मध्ये जराशी खोलगट. या कडेपासून त्या कडेपर्यंत एक मैल. म्हणजे आपल्या शाळेपासून एस. टी. च्या फाट्यापर्यंत चालत जावे एवढे अंतर. आत जायला दरवाजा एकच, तोही दक्षिणेला, तटाच्या खडकात कोरलेल्या बोगद्यातून. बोगद्याच्या दोन्ही टोकांना लोखंडी दारे. दारे अतिशय जड, पण बिजागऱ्यांवर इतकी तोलून बसवलेली की अडसर काढला की हाताने हलके ढकलले तरी आवाज न करता उघडावीत. आमच्या वर्गाचे दार उघडताना सगळ्या गावाला कळते. म्हणून मला हे वाचून फार नवल वाटले.

या परातीच्या मधोमध ऑर्थंक उभा आहे. काळाकुळकुळीत, चकाकणारा, अतिशय कठीण दगड. अनेक पैलूंचे चार प्रचंड खांब एकत्र जोडून एकच झाल्यासारखे दिसतात. माथ्याजवळ ते पुन्हा वेगळे होतात आणि त्यांची चार शिंगे होतात. शिंगांची टोके भाल्यासारखी, कडा सुरीसारख्या. शिंगांच्या मध्ये एक अरुंद, गुळगुळीत फरशी आहे आणि तिच्यावर अनोळखी चिन्हे कोरली आहेत. त्या फरशीवर उभे राहिले तर जमीन 500 फूट खाली. दोन कुतुबमिनार एकावर एक ठेवले तरी 24 फूट कमीच पडतात! मनोऱ्याचे दार पूर्वेला आहे, जमिनीपासून बरेच वर, आणि तिथे जायला 27 रुंद पायऱ्या आहेत.

नावाचीही एक गंमत आहे. त्या जगातल्या एल्फ लोकांच्या भाषेत ऑर्थंक म्हणजे सुळ्यासारखा डोंगर. शेजारच्या घोडेस्वारांच्या भाषेत त्याचाच अर्थ धूर्त मन. एका नावात मनोराही आहे आणि त्यात राहणारा माणूसही आहे. टॉल्किन यांनी हा दुसरा अर्थ जुन्या इंग्रजीतून घेतला. तिथे या शब्दाचा अर्थ कसब किंवा हुशारी असा होतो.

मनोऱ्यात जादू कोणती?

आम्हांला वाटले होते, मनोरा उडत असेल, नाहीतर त्याच्यातून आग निघत असेल. तसे काही नाही. ऑर्थंकमध्ये दोन नवलाच्या गोष्टी आहेत.

पहिली गोष्ट त्याचा दगड. तो कशानेही फुटत नाही. पहार नाही, घण नाही, राक्षसी ताकद नाही. तो कसा घडवला ही विद्या बांधणाऱ्यांबरोबरच गेली.

दुसरी गोष्ट आत ठेवलेला एक गोळा. त्याला पालांतिर म्हणतात, म्हणजे दूरदर्शी गोळा. असे सात गोळे होते आणि लांब लांबच्या ठिकाणी ठेवले होते. एका गोळ्यात पाहणाऱ्याला दूरचे दिसे आणि दुसऱ्या गोळ्याजवळ बसलेल्याशी मनातल्या मनात बोलता येई. आजकाल मोबाईलवर एकमेकांना पाहून बोलतात, तसलाच प्रकार. पण त्यात एक धोका होता. समोरचा जर आपल्यापेक्षा बळकट आणि दुष्ट असला, तर तो आपल्यालाच ओढून घेई.

किल्ली कोणाकडे होती?

आता मुख्य गोष्ट.

हा मनोरा कोणा दुष्टाने बांधलेला नाही. समुद्रापलीकडून आलेल्या शूर लोकांनी तो पहाऱ्यासाठी बांधला. खोऱ्यातून शत्रू येतो का ते पाहावे, आकाशातल्या ताऱ्यांचा अभ्यास करावा, एवढाच हेतू. कोटाच्या आत तेव्हा हिरवळ होती, फळझाडांच्या राया होत्या, डोंगरातून झरे येऊन एका तळ्याला मिळत.

त्या लोकांच्या राज्याचे नाव गोंडोर. पुढे राजाचा वंश खुंटला आणि कारभारी राज्य पाहू लागले. हे कारभारी नऊशे वर्षांहून जास्त काळ राज्य चालवत होते, पण सिंहासनावर कधी बसले नाहीत. सिंहासन रिकामे ठेवून ते त्याच्या खालच्या पायरीवर एका साध्या काळ्या खुर्चीत बसत. आपल्या भरताने श्रीरामाच्या पादुका ठेवून कारभार केला, तसेच हे. राज्य दुसऱ्याचे आहे, आपण राखणदार आहोत, हे रोज डोळ्यांपुढे राहावे म्हणून ती खुर्ची.

तिसऱ्या युगाच्या 2759 साली बेरेन नावाच्या कारभाऱ्याने ऑर्थंकच्या किल्ल्या सारुमान नावाच्या जादूगाराला दिल्या. सारुमान त्या काळचा सर्वांत ज्ञानी जादूगार होता. पांढरे कपडे घालायचा. त्याचा आवाज इतका गोड, की ऐकणाऱ्याला त्याचे सगळेच पटे. त्याने तिथे राहावे आणि गोंडोरच्या वतीने खोरे राखावे असे ठरले. सारुमान राहू लागला.

मग 194 वर्षे गेली. 2953 साली सारुमानने आयसेनगार्ड आपलेच आहे असे ठरवून टाकले. कुणाला विचारले नाही. तट पक्का केला आणि पहारे बसवले.

मी ही गोष्ट घरी सांगितली, तेव्हा आमचे आजोबा विडी विझवून म्हणाले, "किल्ली दिली म्हंजे वाडा दिला नव्हं, बाळा. किल्ली राखायला असती."

मालक झाल्यावर काय झाले?

सारुमान मालक झाला आणि हळूहळू सगळे बदलले. आतली झाडे गेली. झाडांच्या जागी संगमरवराचे, तांब्याचे आणि लोखंडाचे खांब रोवले आणि त्यांना जड साखळ्या लावल्या. हिरवळीच्या जागी फरशा आल्या. जमिनीत खोल भुयारे खणली. त्यांत भट्ट्या, लोहारशाळा आणि हत्यारांची कोठारे. लोखंडी चाके दिवसरात्र फिरत, घणांचे आवाज येत. रात्री जमिनीच्या भोकांतून वाफा निघत आणि त्या तांबड्या, निळ्या, हिरव्या दिसत.

भट्ट्यांना लाकूड लागे. शेजारी फँगॉर्न नावाचे फार जुने अरण्य होते. सारुमानच्या लोकांनी ते तोडायला सुरुवात केली. कित्येक झाडे तर उगाचच तोडली आणि तशीच कुजत टाकली.

मित्रांनो, सेअरहोलच्या तळ्याकाठचा ओंडका आठवला ना? लहान मुलाने पाहिलेली गोष्ट लेखकाच्या मनात कशी राहते ती पाहा.

सारुमान गोळ्यात पाहू लागला. पलीकडे होता सौरॉन, त्या जगातला सर्वांत मोठा दुष्ट. सारुमानला वाटे, मी त्याला पाहतो आहे. पण सौरॉनच त्याला पाहत होता. हुशार माणूस असा फसला. त्याने पांढरे कपडेही टाकले आणि अनेक रंगांचा झगा घातला.

त्याचा एक जादूगार मित्र होता गँडाल्फ. तो सल्ला विचारायला विश्वासाने आला, तर सारुमानने त्यालाच मनोऱ्याच्या माथ्यावर, त्या अरुंद फरशीवर, दोन महिन्यांहून जास्त दिवस कोंडून ठेवले. खाली उतरायला हजारो पायऱ्यांचा एकच चिंचोळा जिना, आणि त्याच्यावर पहारा. शेवटी ग्वाइहिर नावाचा मोठा गरुड आला आणि रात्री गँडाल्फला पाठीवर घेऊन उडून गेला. हे ऐकताना वर्गात सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

ताऱ्यांकडे पाहायची फरशी तुरुंग झाली. दगड तोच, चिन्हे तीच. फक्त किल्ली ज्याच्या कमरेला होती, त्याची नियत बदलली.

झाडे चालून आली

फँगॉर्नच्या अरण्यात एंट नावाचे जीव राहत. दिसायला झाडासारखे, पण चालणारे-बोलणारे. गुराखी गुरे राखतो तसे ते झाडे राखत. त्यांच्या म्होरक्याचे नाव ट्रीबिअर्ड, म्हणजे झाडदाढ्या. उंची निदान 14 फूट. एंट कधी घाई करत नाहीत. त्यांची सभा तीन दिवस चालली. आमची ग्रामसभासुद्धा इतकी चालत नाही! पण तिथे एकदा ठरले ते ठरले.

3019 साली एका रात्री एंट आयसेनगार्डवर चालून गेले. तटाचे दगड त्यांनी भाकरीसारखे मोडले. झाडाची मुळे शंभर वर्षांत खडक फोडतात, ते काम त्यांनी घटकाभरात केले. मनोऱ्यावरही धोंडे फेकले, पण ऑर्थंकला बुडाशी थोडेसे ओरखडे आणि बारीक टवके तेवढे पडले.

मग त्यांनी डोके चालवले. आयसेन नदीला बांध घालून पाणी अडवले, चर खणले आणि सगळे पाणी तटाच्या भगदाडांतून आत सोडले. शेतकरी पाटाचे पाणी वाफ्यात सोडतो ना, तसे. कोट परातीसारखा खोलगट होता हे मी आधी सांगितले आहे. पाणी भुयारांत शिरले, भट्ट्या विझल्या, चाके बंद पडली. सगळीकडे वाफच वाफ. सकाळी मोठ्या तळ्याच्या मध्ये काळा मनोरा तेवढा उभा होता आणि आत सारुमान एका नोकराबरोबर कोंडला होता. इतरांना कोंडणारा स्वतःच कोंडला गेला.

नंतर गँडाल्फ तिथे आला. तो सारुमानला म्हणाला, तू मोकळा जाऊ शकतोस, पण ऑर्थंकची किल्ली आणि तुझी काठी तारण म्हणून दे, पुढे नीट वागलास तर परत मिळतील. पाहा, गँडाल्फने सोने मागितले नाही, आधी किल्ली मागितली. सारुमानने दिली नाही. त्याचा गर्व आड आला. तेव्हा गँडाल्फने त्याची काठी शब्दाने मोडली. रागाच्या भरात नोकराने वरून तोच मोलाचा गोळा फेकला. कठडा तुटला, पायरी फुटली, पण गोळा शाबूत राहून घरंगळत खाली आला.

शेवटी मनोऱ्याचे काय झाले?

युद्ध संपले आणि गोंडोरला पुन्हा राजा मिळाला, अॅरागॉर्न. झाडदाढ्याने सारुमानला सोडून दिले, कारण जिवंत प्राणी कोंडून ठेवणे त्याला आवडत नसे. पण किल्ल्या मात्र आधी काढून घेतल्या. पोलादी कडीत अडकवलेल्या दोन मोठ्या काळ्या किल्ल्या. त्या राजाच्या हाती आल्या. ज्यांच्या होत्या त्यांच्याकडे परत गेल्या.

एंटांनी पडलेले तट काढून टाकले आणि तिथे फळबागा आणि झाडे लावली. स्वच्छ पाण्याचे तळे झाले. ऑर्थंक त्या तळ्याच्या मध्ये तसाच उंच उभा राहिला. मनोरा पाडावा लागला नाही. तो वाईट नव्हताच.

आणखी एक गोष्ट. ती टॉल्किन यांच्या मुलाने 1980 साली छापलेल्या पुस्तकात आहे. राजाने नंतर मनोरा नीट तपासला. तेव्हा एका गुप्त दारामागे पोलादी कपाट सापडले. त्यात जुन्या राजाच्या कपाळावरचा स्फटिक होता, हरवला म्हणून सगळ्यांनी दुःख केलेला. सारुमानने तो शोधून काढला होता आणि गुपचूप लपवून ठेवला होता. त्याला त्याचा उपयोग काहीच नव्हता.

आता माझे थोडे

हा भाग लिहावा की नाही, याचा मी दोन दिवस विचार केला. गुरुजी म्हणाले, "तुला वाटतं तर लिही, नाहीतर नको." म्हणून लिहितो.

दिवाळीच्या सुट्टीनंतर गुरुजींनी वाचनपेटीची किल्ली माझ्याकडे दिली. ती मी करगोट्याला बांधत असे. पहिला महिना मी पुस्तके बरोबर वाटली. नंतर चांगल्या चित्रांची पुस्तके मी आधी घरी नेऊ लागलो. नोंदवहीत लिहीत नव्हतो. मला वाटे, किल्ली माझी, मग कोण विचारणार? चौथीतली एक मुलगी पक्ष्यांचे पुस्तक रोज मागायची. मी तिला म्हणायचो, "हरवलं असंल." ते माझ्या गोधडीच्या घडीत होते. ते मी वाचून कधीच संपवले होते.

गुप्त कपाटाची गोष्ट गुरुजींनी सांगितली त्या शनिवारी मला घरी जेवण गेले नाही. सोमवारी मी पाच पुस्तके पिशवीत घालून आणली आणि किल्ली गुरुजींच्या टेबलावर ठेवली. गुरुजी रागावले नाहीत. त्यांनी पुस्तके मोजली, थोडा वेळ गप्प बसले आणि किल्ली परत माझ्याच हातात दिली. म्हणाले, "आता तुला ती कशासाठी असते ते कळलंय."

आता नोंदवही दाराजवळ खिळ्याला टांगलेली असते. कुणीही येऊन पाहावी. किल्ली करगोट्याला नसते, वर्गात सगळ्यांना दिसेल अशी नोंदवहीशेजारीच असते. पक्ष्यांचे पुस्तक त्या मुलीने दोनदा नेले आहे.

सांगा पाहू! (उत्तरे वरच्या लेखातच आहेत.)

1. ऑर्थंकच्या दारापाशी जायला किती पायऱ्या आहेत?
2. गोंडोरचे कारभारी सिंहासनावर का बसत नसत?
3. मनोरा फुटला नाही, मग एंटांनी कोट कसा जिंकला?
4. किल्ली आणि मालकी यांत फरक काय? (याचे उत्तर घरी मोठ्यांशी बोलून लिहावे.)

— वाचनपेटी प्रमुख, इयत्ता सातवी